शिलेदारी आणि एक काडतूस

लढायांचे इतिहास वाचतांना आपण सेनापतींचीं नांवें लक्षांत ठेवतों, उभय पक्षांच्या सैन्याचा आंकडा पाहतों आणि जय कोणाचा झाला हें कळलें कीं पुस्तक मिटतों. एका शिपायाच्या कमरेची गोळी शेजारच्या शिपायाच्या बंदुकींत चालत होती कीं नाहीं, हा प्रश्न फारसा कोणी विचारीत नाहीं. तो कोठीवाल्यानें विचारावा, इतिहासकाराचें तें काम नव्हे, असा आपला समज असतो. परंतु गेल्या अडीचशें वर्षांतील युद्धांचा थोडा बारकाईनें विचार केला, तर राज्यें टिकण्याचें आणि बुडण्याचें एक कारण या कोठीवाल्याच्या प्रश्नांतच दडलेलें आहे असें दिसून येईल. सैन्यांतील रायफली आणि मशीनगनी यांना एकच काडतूस असावें, हा नियम आज इतका सर्वमान्य झाला आहे कीं तो कोणाला तरी सुचावा लागला, त्यासाठीं कारखाने उभारावे लागले आणि त्याच्यामागें राज्यकर्त्यांचे कांहीं हेतूहि होते, याचें विस्मरण पडतें. त्या नियमाचा आमच्या प्रांताशीं असलेला संबंध पाहावा, एवढाच या लेखाचा उद्देश आहे.

विचारास आरंभ करण्यासाठीं पुणें जिल्ह्याच्या पूर्वभागासारखें दुसरें ठिकाण नाहीं. बारामती आणि इंदापूर हे तालुके भीमा, नीरा आणि कऱ्हा या नद्यांच्या आश्रयानें वसलेले आहेत. नीरा-भीमेचा संगम इंदापूर तालुक्यांतच नरसिंहपूर येथें होतो. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस नीरेच्या डाव्या कालव्याचें पाणी येईपर्यंत हा मुलूख बहुतेक कोरडवाहू होता. मालोजीराजे भोसले यांचा शेवट इंदापुरास झाला अशी परंपरा आहे. शहाजीराजांच्या जहागिरींत पुणें, सुपें, इंदापूर, चाकण हे परगणे होते. त्यांपैकीं सुपें आज बारामती तालुक्यांत मोडतें. या नदीकांठच्या मुलखाला भीमथडी म्हणत, आणि भीमथडीचीं तट्टें मराठी घोडदळांत प्रसिद्ध होतीं. तें जनावर अंगानें लहान, खाण्यास थोडें आणि चालीस चिवट. त्याच्यावर स्वार होऊन जो मराठा मोहिमेस निघे, तो पुष्कळदां शिलेदार असे. शिलेदार म्हणजे स्वतःचें घोडें आणि स्वतःचें हत्यार घेऊन चाकरीस येणारा स्वार. बारगीर म्हणजे ज्याला घोडें व हत्यार सरकारांतून मिळे तो. शिवाजीमहाराजांचा ओढा बारगिरांच्या सरकारी पागेकडे होता, आणि पंचवीस घोड्यांमागें एक पखालजी व एक नालबंद अशी व्यवस्था सभासदानें नमूद केली आहे. शिपायाच्या शौर्याइतकीच त्याच्यामागच्या पुरवठ्याचीहि काळजी वाहणारा राजा तो हाच. पुढें राज्य पसरलें, मोहिमा नर्मदेपलीकडे गेल्या, तसें शिलेदारांचें प्रमाण वाढत गेलें.

शिलेदारी पद्धतीची निंदा करण्याचा प्रघात आपल्याकडे पडला आहे. तो मला सर्वस्वीं न्याय्य वाटत नाहीं. ज्या युद्धासाठीं ती पद्धति निर्माण झाली, त्या युद्धांत तिला एकरूप पुरवठा होताच. भाल्याला आणि तलवारीला दारूगोळा लागत नाहीं. लागतो तो घोड्याला चारा. आणि गवत व कडबा हीं भीमथडींत जशीं मिळतात तशींच खानदेशांत आणि माळव्यांत मिळतात. एका स्वाराच्या घोड्याचा चारा दुसऱ्याच्या घोड्याला चालतो. आलंकारिक भाषा क्षम्य असेल तर असें म्हणेन कीं गवत हेंच मराठी फौजेचें सर्वमान्य काडतूस होतें, आणि तें शत्रूच्या मुलखांतहि उगवत होतें. मोगलांचीं अवजड सैन्यें ज्या फौजेनें थकविलीं तिचें बळ यांत होतें.

परंतु युद्धाचा कणा चाऱ्यावरून दारूवर सरकला, तेव्हां हें बळ उपयोगी पडेना. तोड्याची बंदूक असो वा चकमकीची, प्रत्येकीच्या नळीचा व्यास निराळा. बंदुकीबरोबर तिच्या गोळ्या पाडण्याचा सांचा असे, आणि एका सांच्याची गोळी दुसऱ्या नळींत एक तर शिरत नसे किंवा सैल बसून नेम चुकवी. कोणी बंदूक गोव्याकडून आणलेली, कोणी इंग्रज व्यापाऱ्याकडून घेतलेली, कोणी गांवच्या लोहारानें घडविलेली. असे हजार बंदूकवाले एका ठिकाणीं उभे केले तर दिसण्यांत ती पलटण दिसे. पुरवठ्याच्या दृष्टीनें पाहिलें तर ते हजार निरनिराळे संसार होते. ज्याची गोळी संपली त्याला शेजाऱ्याची भरलेली थैली निरुपयोगी.

हें व्यंग महादजी शिंद्यांनीं ओळखलें. द बॉइन या सावोयी सरदाराच्या हाताखालीं त्यांनीं कवायती पलटणी उभ्या केल्या आणि आग्र्यास शस्त्रांचा कारखाना चालविला. तेथें सँगस्टर नांवाच्या स्कॉटिश कारागिराच्या देखरेखीखालीं तोफा ओतल्या जात आणि एका नमुन्याच्या बंदुका तयार होत. १७९० सालीं पाटण आणि मेडता येथें या पलटणींनीं आपला प्रभाव दाखविला. पुढें २३ सप्टेंबर १८०३ रोजीं असईच्या रणांगणावर शिंद्यांच्या तोफांनीं वेलस्लीच्या फौजेचे दीड हजारांहून अधिक लोक मारले अगर जखमी केले. तरी लढाई हातची गेलीच. तोफा उत्तम होत्या, नमुना एक होता. पण तो नमुना ठरविणारे, शिकविणारे आणि चालविणारे अधिकारी बहुतांशीं परके होते. द बॉइन त्यापूर्वींच युरोपास परतला होता, आणि युद्धाच्या तोंडावर शिंद्यांच्या नोकरींतील अनेक इंग्रज अधिकारी कंपनीकडे निघून गेले. एकरूपता विकत घेतां येते. ती ठरविण्याचें ज्ञान मात्र घरचें असावें लागतें, हा असईचा धडा आहे.

आतां काडतुसाकडे वळूं. हा शब्दच मुळीं पोर्तुगीजांबरोबर आपल्याकडे आला. प्रारंभीं काडतूस म्हणजे मोजून घेतलेली दारू आणि गोळी यांची कागदी पुडी. ती दांतानें फाडून दारू नळींत ओतावयाची. या पुडीला गाय आणि डुक्कर यांची चरबी लावली आहे, या वार्तेनें १८५७ चा वणवा कसा पेटला हें सर्वश्रुत आहे. त्या उठावाचा एक परिणाम मात्र तितका सर्वश्रुत नाहीं. इंग्रज सरकारनें हिंदी शिपायांच्या हातून तोफखाना बहुतेक काढून घेतला, आणि बंदूक द्यावयाची ती गोऱ्या शिपायाच्या बंदुकीपेक्षां एक पिढी मागची, असें धोरण ठेवलें. गोऱ्याला मार्टिनी-हेन्री मिळाली तेव्हां हिंदी शिपायाच्या हातीं स्नायडर होती. गोऱ्याला ली-मेटफर्ड मिळाली तेव्हां हिंदी शिपायाला मार्टिनी आली. १८९७-९८ च्या तिराह मोहिमेंत एकाच डोंगरावर लढणाऱ्या गोऱ्या आणि हिंदी पलटणींचीं काडतुसें एकमेकांना चालत नव्हतीं. तेथें कारखान्याची अडचण नव्हती, अविश्वास होता. सबंध सैन्याला एक काडतूस देणें म्हणजे सर्वांवर सारखा विश्वास टाकणें. आणि तेवढा विश्वास राज्यकर्त्यांना नव्हता.

ज्या काडतुसाभोवतीं पुढचा इतिहास फिरतो तें .३०३ इंच व्यासाचें काडतूस १८८८ सालीं ली-मेटफर्ड रायफलीबरोबर आलें. ‘थ्री नॉट थ्री’ या नांवानें तें आपल्या खेड्यापाड्यांतहि ओळखीचें आहे. पितळी पुंगळी, तिच्या बुडाला बाहेर आलेली कड, मध्यें ठिणगी पाडणारी टोपी, आंत दारू आणि तोंडाशीं गोळी, असे त्याचे भाग. आरंभीं आंत काळी दारूच होती. १८९१ पासून कॉर्डाइट ही धूर न करणारी दारू आली. काळ्या दारूच्या धुरानें नेमबाजाची जागा शत्रूला कळे आणि नळीहि लौकर घाण होई; हे दोन्ही दोष गेल्यावर लहान व्यासाची गोळी अधिक वेगानें व दूर टाकतां येऊं लागली. कलकत्त्याजवळच्या डमडम येथें याच काडतुसाची मऊ टोंकाची, शरीरांत फुटणारी गोळी तयार झाली. १८९९ च्या हेग परिषदेंत फुटणाऱ्या गोळ्यांचा निषेध झाला, आणि एका हिंदी गांवाचें नांव जगाच्या भाषांत अपकीर्तीनें शिरलें.

याच सुमारास मॅक्सिम या अमेरिकन यंत्रज्ञाची मशीनगन प्रचारांत येत होती. पहिल्या इंग्रजी मॅक्सिम गनी मार्टिनी-हेन्रीचें जाड काडतूस खात असत, मागाहून त्या.३०३ साठीं बदलल्या गेल्या. हा बदल वरवर किरकोळ आहे. वस्तुतः त्यानें मशीनगनीचें स्थानच बदललें. स्वतंत्र दारूगोळा लागणारें यंत्र तोफेसारखें वेगळें राहतें. त्याचा स्वतंत्र गाडा, स्वतंत्र कोठी, स्वतंत्र हिशेब. शिपायाच्याच काडतुसावर चालणारें यंत्र पायदळाचें होतें. पुढें १९१२ सालीं व्हिकर्स आली. तिच्या कापडी पट्ट्यांत २५० काडतुसें बसत. लुइस गनीच्या वाटोळ्या थाळींत ४७ बसत. शिपायाच्या ली-एनफील्ड रायफलींत १० बसत, आणि तीं पांच पांचांच्या क्लिपांतून भरावयाचीं. तीन्हींचें काडतूस एक. पट्टा रिकामा झाला तर रायफलवाल्यांच्या क्लिपांतून काडतुसें काढून तो पुन्हां भरतां येई. यंत्र बिघडलें तर पट्ट्यांतलीं काडतुसें रायफलवाल्यांत वांटतां येत. खेंचरावर लादावयाची पेटी एक, कोठींत मांडावयाची पेटी एक, आगाऊ मागणीचा कागद एक.

हीं काडतुसें आमच्या जिल्ह्यांतहि होत असत. पुण्याजवळ खडकीस १८६९ सालीं दारूगोळ्याचा कारखाना निघाला. .३०३ चीं काडतुसें तेथें पिढ्यान् पिढ्या तयार झालीं, आणि त्यांच्या बुडावर ‘के एफ्’ या अक्षरांचा ठसा असे. विसाव्या शतकाच्या आरंभीं निलगिरींतील अरुवनकाडू येथें कॉर्डाइटचा आणि बंगालमधील इच्छापूर येथें रायफलींचा कारखाना निघाला. अशा रीतीनें बंदूक बंगालची, दारू निलगिरीची आणि काडतूस पुण्याचें, पण तिन्हींचें माप विलायतेंत ठरलेलें, असा हा संसार होता.

या मापाचा जाच कसा होई याचें एक उदाहरण आहे. १९१० सालीं .३०३ ची नवी टोंकदार गोळी निघाली. काडतूस तेंच, पण गोळी हलकी व वेगवान, म्हणून रायफलीवरील नेमाची पट्टीहि बदलावी लागली. १९१४ च्या शरदृतूंत हिंदी फौज फ्रान्सला उतरली तेव्हां तिच्या रायफली जुन्या गोळीच्या पट्टीच्या होत्या. मार्सेल्सच्या बंदरांतच त्या घेऊन नव्या द्याव्या लागल्या. नांव एक असून भागत नाहीं. घडणीची प्रत्येक पायरी एक असावी लागते.

मराठा पलटणींचा अनुभव या विषयावर पुष्कळ प्रकाश टाकतो. पहिल्या महायुद्धांत पुणें डिव्हिजन म्हणून ओळखली जाणारी सहावी डिव्हिजन इराकांत गेली. १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी कूत येथें वेढ्यांत सांपडल्या. ७ डिसेंबर १९१५ पासून २९ एप्रिल १९१६ पर्यंत तो वेढा चालला, आणि अखेर शरणागति पत्करावी लागली ती उपासमारीनें. तेव्हां एकरूप काडतुसाचें माहात्म्य गातांना त्याची मर्यादाहि सांगितली पाहिजे. काडतूस एक असलें तरी भाकरीचा रस्ता मोकळा नसेल तर सैन्य तरत नाहीं. भीमथडीच्या शिलेदाराला हें कोणी शिकवावयास नको होतें.

दुसऱ्या महायुद्धांत विरोध अधिक ठळक दिसतो. १९४१ च्या फेब्रुवारी-मार्चमध्यें एरिट्रियांतील केरेनच्या डोंगरांत मराठा लाइट इन्फंट्रीच्या पलटणी इटालियनांशीं लढल्या. इटालियनांची रायफल ६.५ मिलिमीटरची, त्यांनीं १९३८ सालीं ७.३५ चें नवें काडतूस सुरू केलें, पण युद्ध तोंडाशीं येतांच पुन्हां जुन्याकडे वळले. आणि त्यांच्या जड मशीनगनीचें काडतूस ८ मिलिमीटरचें, म्हणजे तिसरेंच. जपान्यांची अवस्था याहून बिकट. ६.५ ची जुनी रायफल, ७.७ ची नवी रायफल, तिच्याहून किंचित् निराळ्या पुंगळीची ७.७ ची मशीनगन, आणि आरमाराची पुन्हां वेगळी ७.७, जी गंमत म्हणजे इंग्रजी .३०३ चीच नक्कल होती. १९४४ च्या मार्चमध्यें मणिपूरच्या सांगशाक गांवीं हिंदी पॅराशूट ब्रिगेडबरोबर मराठ्यांची चौथी बटालियन जपान्यांच्या वेढ्यांत लढली. विमानांतून टाकलेल्या सामानापैकीं बरेंचसें शत्रूच्या बाजूस पडलें. अशा वेळीं हातीं आलेली प्रत्येक पेटी रायफलीला आणि ब्रेन गनीला सारखीच उपयोगी पडणें याची किंमत कोणत्या आंकड्यांत सांगावी? ब्रेन गनीचें वांकडें मॅगझिन पुष्कळांनीं चित्रांत पाहिलें असेल, तो बांक.३०३ च्या पुंगळीच्या कडेमुळें आलेला आहे. कडेवर कड अडकूं नये म्हणून काडतुसें कमानींत रचावी लागतात. जुन्या काडतुसानें नव्या यंत्राला आपलें रूप दिलें तें असें.

तथापि एक काडतूस म्हणजे अक्षरशः सर्व शस्त्रांना एकच, असें तेव्हांहि नव्हतें. १० जुलै १९४४ रोजीं इटलींत व्हिक्टोरिया क्रॉस मिळवून धारातीर्थीं पडलेल्या नाईक यशवंत घाडगे यांच्या हातांतील टॉमी गन .४५ इंचाचें आंखूड काडतूस घेई. व्हिकर्ससाठीं लांब पल्ल्याची एक खास .३०३ गोळीहि निघाली होती. नियम सैन्याच्या मुख्य ओघासाठीं असतो. अपवाद मोजके आणि जाणूनबुजून केलेले असले म्हणजे झालें.

येथें एक आक्षेप विचारांत घेतला पाहिजे. एकरूपता ही बेडीहि होत नाहीं काय? होते. .३०३ ची कडेची पुंगळी मशीनगनीला गैरसोयीची आहे हें इंग्रजांना पहिल्या महायुद्धापूर्वींच कळलें होतें. १९१३ सालीं त्यांनीं .२७६ इंचाच्या नव्या काडतुसाची रायफल चांचणीस काढली. पण पुढच्याच वर्षीं युद्ध पेटलें, आणि चाललेले कारखाने थांबविणें अशक्य झालें. अमेरिकेंतहि १९३२ सालीं लहान काडतुसाची सूचना सेनाप्रमुख मॅकआर्थर यांनीं नाकारली. जुन्या काडतुसांचा मोठा सांठा कोठारांत पडून होता. रायफल बदलणें सोपें, काडतूस बदलणें कठीण; कारण काडतुसाबरोबर कारखाने, कोठारें आणि प्रत्येक शस्त्र बदलावें लागतें. म्हणून काडतूस शस्त्रापेक्षां दीर्घायुषी असतें.

स्वातंत्र्यानंतर हा वारसा आपल्याकडे आला. १९६२ च्या चिनी आक्रमणाच्या वेळीं आपला जवान मुख्यतः .३०३ ची रायफल घेऊनच हिमालयांत उभा होता. त्याच वर्षीं यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री झाले, आणि सैन्याच्या पुनर्रचनेंत ७.६२ मिलिमीटरचें काडतूस सार्वत्रिक झालें. पाश्चात्त्य राष्ट्रांच्या संघानें तें १९५४ च्या सुमारास स्वीकारलें होतें. इच्छापूरला त्या मापाच्या रायफली होऊं लागल्या, जुन्या ब्रेन गनीचेंहि त्या मापांत रूपांतर झालें, आणि १९६४ सालीं जळगांव जिल्ह्यांत वरणगांव येथें काडतुसांचा नवा कारखाना उभा राहिला. पुढें १९९० नंतरच्या दशकांत ५.५६ मिलिमीटरची इन्सास आली. तींतहि रायफल आणि हलकी मशीनगन यांचें काडतूस एकच ठेवलें होतें. .३०३ मात्र पोलिसांच्या हातीं राहिली. २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्रीं मुंबईच्या रेल्वेस्थानकावर कांहीं पोलिसांजवळ तीच होती. १८८८ चें काडतूस एकशें वीस वर्षांनीं, स्वयंचलित रायफली घेतलेल्या मारेकऱ्यांसमोर!

आणि आज? इन्सासचें ५.५६ अद्याप आहे. अमेठींत तयार होणाऱ्या रशियन पद्धतीच्या रायफलीचें काडतूस आंखूड ७.६२ आहे. २०१९ च्या कराराची अमेरिकन रायफल आणि २०२० च्या कराराची इस्रायली मशीनगन यांचें लांब ७.६२ आहे, नांवाला दोन्ही ७.६२, पण एकाचें काडतूस दुसऱ्यांत चालत नाहीं. प्रत्येक निवडीला त्या त्या वेळीं सबळ कारण असेल. डोंगरांतील लांब पल्ल्याची गरज निराळी आणि गल्लींतील चकमकीची निराळी. तरीहि या यादीकडे पाहतांना मला भीमथडीच्या शिलेदाराची आठवण होते. कोणी बंदूक गोव्याकडून आणलेली, कोणी इंग्रजाकडून घेतलेली, कोणी घरीं घडविलेली. फरक एवढाच कीं तेव्हां एकेक स्वार शिलेदार होता. आतां राष्ट्रानें स्वतःच शिलेदार होऊं नये, एवढी काळजी घेतली पाहिजे.

ती काळजी घेण्याचीं साधनें आपल्याजवळ आहेत. खडकी आणि वरणगांव येथील कारखाने २०२१ पासून पुण्यास मुख्य कचेरी असलेल्या सरकारी कंपनीच्या ताब्यांत आहेत. ज्या इंदापूर तालुक्यांत एके काळीं घोड्याचा चारा हीच युद्धाची सामग्री होती, तेथील वालचंदनगरास उसाच्या कारखान्यांचीं यंत्रें घडवितां घडवितां अंतराळयानाच्या अग्निबाणांचीं कवचें तयार होऊं लागलीं. जेथें केंसाइतकाहि फरक खपत नाहीं असें काम या मातींतल्या माणसांना साधतें, हें सिद्ध झालें आहे. आग्र्याच्या कारखान्याला जें साधलें नाहीं तें हेंच, कीं माप घरचें आणि मापणारेहि घरचे.

तात्पर्य, एक काडतूस ही काटकसरीची युक्ति आहेच. पण त्याहून अधिक तो राज्यकर्त्यांच्या मनाचा पुरावा आहे. शिपायांवर विश्वास नसेल तर तें दिलें जात नाहीं, ज्ञान नसेल तर तें ठरवितां येत नाहीं, आणि दूरदृष्टि नसेल तर तें योग्य वेळीं बदलतां येत नाहीं. शौर्याची वाण या मुलखाला कधींच पडली नाहीं. उणीव पडली ती एकाच्या हातची गोळी दुसऱ्याच्या बंदुकींत चालेल अशा व्यवस्थेची. आणि व्यवस्था ही शौर्यासारखी वारशानें मिळत नसते, ती प्रत्येक पिढीला नव्यानें बसवावी लागते.